कुलाब्यातले काप, सिएटलचा नकाशा

१९९८ साली ‘डेव्हलपमेंट’ या नियतकालिकात शिकागो विद्यापीठाचा एक शोधनिबंध आला. उंदराच्या गर्भात मेंदू आकार घेऊ लागतो तेव्हा मोठ्या मेंदूच्या आतल्या कडेला पेशींची एक अरुंद पट्टी दिसते. सूक्ष्मदर्शकाखाली साध्या रंगात ती शेजारच्या पेशींहून फारशी वेगळी वाटत नाही, त्यामुळे वर्षानुवर्षे कुणी तिची विशेष दखल घेतली नव्हती. एलिझाबेथ ग्रोव्ह यांच्या प्रयोगशाळेने मात्र त्या मेंदूच्या कापांवर ‘डब्ल्यूएनटी’ घराण्यातल्या काही जनुकांचा माग काढला आणि ती पट्टी उठून दिसली. ही जनुके तिथे चालू होती, शेजारी नव्हती. त्या पट्टीची हद्द जनुकांनी आखून दिली. तिला ‘कॉर्टिकल हेम’ म्हणतात. या शोधनिबंधाच्या लेखकांत मुंबईच्या एक तरुण संशोधक होत्या, डॉ. शुभा तोळे.

आज उंदराच्या मेंदूतले जवळजवळ प्रत्येक जनुक कुठे चालू असते हे घरबसल्या पडद्यावर पाहता येते. पण १९९८ साली यातले काही नव्हते. एका जनुकाचा ठावठिकाणा काढायचा तर तो हाताने, कापाकापाने काढावा लागे. ज्या काळात हे चित्र बदलले त्या काळाचा हा इतिहास आहे, आणि त्यात कुलाब्याच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेचे पान मोलाचे आहे.

मेंदूचे नकाशे त्याआधी शंभर वर्षे निघत होते. जर्मन डॉक्टर फ्रान्झ निस्ल यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस चेतापेशी रंगवण्याची रीत बसवली. इटलीच्या कामिलो गोल्जी यांनी वेगळी रीत शोधली, तिच्यात मोजक्याच पेशी पण मुळापासून शेंड्यापर्यंत काळ्या होऊन दिसत. स्पेनच्या सांतियागो रामोन इ काहाल यांनी त्या रीतीने पाहिलेल्या पेशींची जी चित्रे काढली ती अजूनही पाठ्यपुस्तकांत छापतात. १९०६चे नोबेल पारितोषिक दोघांना मिळून मिळाले. १९०९ साली कोर्बिनियान ब्रॉडमन यांनी पेशींचे थर आणि दाटी पाहून मेंदूच्या सालीचे क्रमांकवार विभाग पाडले. ते क्रमांक मेंदूचे डॉक्टर आजही वापरतात. उंदरापुरते बोलायचे तर १९९७ साली जॉर्ज पॅक्सिनोस आणि कीथ फ्रँकलिन यांचा छापील ॲटलास आला आणि जगभरच्या प्रयोगशाळांच्या टेबलांवर जाऊन बसला. मेंदूच्या अमुक भागात सुई नेमकी पोचवायची असेल तर त्यातले आकडे पाहिल्याशिवाय पान हलत नसे.

या सगळ्या नकाशांत आकार होता, हद्दी होत्या, नावे होती. त्या हद्दीच्या आत पेशी काय काम करतात हे मात्र त्यातून थोडेच कळे. पळसदेव-भिगवण पट्ट्यातल्या वाचकाला हा फरक चटकन कळेल. उजनी धरणाच्या पाण्याने भीमाकाठची जुनी गावठाणे घेतली. पाणी फार ओसरले की जुन्या पळसदेवात पळसनाथाचे देऊळ उघडे पडते. अशा गावाचा जुना गाव नकाशा हाती आला तर पाणंद, ओढा, हद्दी सगळे दिसेल. पण कुठल्या तुकड्यावर कुणाचे नाव होते आणि त्यात ज्वारी होती की बाजरी, हे कळायला सातबारा काढावा लागतो. निस्ल आणि ब्रॉडमन यांच्या हाती गाव नकाशा होता. जनुकांच्या नकाशाने प्रत्येक तुकड्याचा सातबारा दिला.

शरीरातल्या जवळजवळ प्रत्येक पेशीत जनुकांचा संच एकच असतो. यकृताची पेशी आणि मेंदूची पेशी वेगळी होते ती कोणती जनुके चालू आणि कोणती बंद यावर. चालू जनुक आपल्या मजकुराची आरएनए नावाची नक्कल काढत राहते. ती नक्कल जिथे सापडेल तिथे ते जनुक चालू, असा साधा हिशेब. जोसेफ गॉल आणि मेरी लू पार्ड्यू यांनी १९६९ साली दाखवले की जनुकाला नेमका चिकटेल असा पूरक तुकडा प्रयोगशाळेत तयार करून तो पेशीतल्या पेशीतच, जागच्या जागी, चिकटवता येतो. पुढे हीच रीत आरएनए शोधण्यासाठी वापरात आली. तिला ‘इन सिटू हायब्रिडायझेशन’ म्हणतात.

हे काम हाताने करणाऱ्याचे कष्ट मोठे असतात. मेंदू काढायचा, गोठवायचा किंवा घट्ट करायचा, केसाहून बारीक काप काढायचे, ते न दुमडता काचपट्टीवर घ्यायचे. मग हव्या त्या जनुकाचा पूरक तुकडा, म्हणजे प्रोब, घालून रात्रभर उष्ण पेटीत ठेवायचे. दुसऱ्या दिवशी न चिकटलेला प्रोब धुऊन काढायचा, पुन्हा पुन्हा धुवायचे, त्यावर प्रतिपिंड लावायचे आणि शेवटी रंग चढायची वाट पाहायची. जिथे जनुक चालू तिथे जांभळट निळा रंग उतरतो. मधे कुठे आरएनए खाणाऱ्या विकराचा संसर्ग झाला, नुसत्या बोटाचा स्पर्श पुरतो, की सगळी मेहनत वाया. एका जनुकासाठी काही दिवस जातात. उंदराची जनुके वीस हजारांहून अधिक. एका माणसाने सगळी करायची म्हटली तर त्याचा जन्म पुरणार नाही.

शुभा तोळे मुंबईत वाढल्या, सेंट झेवियर्समध्ये शिकल्या, पीएच.डी.साठी कॅलिफोर्नियाच्या कॅलटेकमध्ये गेल्या आणि तिथून शिकागोला ग्रोव्ह यांच्याकडे आल्या. त्यांचा विषय होता हिप्पोकॅम्पस. नवी आठवण पक्की करण्याचे काम मेंदूच्या या भागाकडे असते. अल्झायमरमध्ये आधी झिजू लागणाऱ्या भागांत तो असतो. हिप्पोकॅम्पसमध्ये वेगवेगळी क्षेत्रे असतात आणि प्रत्येक क्षेत्राची ओळख सांगणारी जनुके असतात. तोळे आणि ग्रोव्ह यांनी दाखवले की गर्भातल्या मेंदूतून ती जागा फार लवकर कापून वेगळी वाढवली, तरी ही क्षेत्रे आपापल्या जागी, आपापल्या क्रमाने उमटतात. म्हणजे नकाशा त्या तुकड्याच्या आत आधीच लिहिलेला होता. तो लिहिला कोणी, हा पुढचा प्रश्न होता.

१९९९ साली त्या परतल्या आणि टाटा संस्थेत रुजू झाल्या. होमी भाभांच्या या संस्थेला लोक भौतिकशास्त्र आणि गणितासाठी ओळखतात. पण १९६२ सालीच ओबेद सिद्दिकी यांनी तिथे रेणवीय जीवशास्त्राचा गट सुरू केला होता आणि फळमाशीच्या वर्तनावरचे त्यांचे काम जगभर गाजले होते. त्या परंपरेत आता उंदराच्या गर्भातला मेंदू आला.

हिप्पोकॅम्पसचा नकाशा हेमने लिहिला असावा, हा संशय आता दाट होत चालला होता. २००० साली ली, तोळे, ग्रोव्ह आणि हार्वर्डचे अँड्र्यू मॅकमहॉन यांनी हेममधल्या ‘डब्ल्यूएनटी-३ए’ या जनुकाबद्दल लिहिले. ते नसलेल्या उंदरात हिप्पोकॅम्पस जवळजवळ तयारच होत नाही. म्हणजे हिप्पोकॅम्पस घडायला हेमकडून निघणारा संदेश हवा. पण संदेश हवा असणे वेगळे आणि त्याच एका पट्टीने शेजारच्या पेशींना हाताशी धरून सबंध अवयव उभा करणे वेगळे. जर्मनीत हान्स श्पेमान आणि हिल्डे मांगोल्ड यांनी १९२४ साली एका गर्भातला छोटा तुकडा दुसऱ्या गर्भात बसवला, तेव्हा त्याने आसपासच्या पेशींना कामाला लावून दुसरी शरीराक्ष उभी केली होती. अशा तुकड्याला ‘ऑर्गनायझर’ म्हणतात. हेम हा हिप्पोकॅम्पसचा ऑर्गनायझर आहे का? म्हणायला सोपे, सिद्ध करायला फार अवघड.

पुरावा एका दुसऱ्याच जनुकाच्या नकाशातून आला, ‘एलएचएक्स२’. गर्भावस्थेत मेंदूची साल जिथे तयार होते तिथे हे जनुक सगळीकडे चालू असते, फक्त हेममध्ये नसते. दोन नकाशे एकावर एक ठेवले की हद्द नेमकी जुळते: जिथे एलएचएक्स२ संपते तिथे हेम सुरू होते. अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेने १९९७ साली हे जनुक नसलेले उंदीर तयार केले होते. तोळे यांच्या गटाने २००१ साली त्या उंदरांत पाहिले तर हेम पसरून मोठे झाले होते, आणि हिप्पोकॅम्पसचा मात्र पत्ता नव्हता. वरवर पाहता हे कोडे होते. ऑर्गनायझर मोठा झाला तर हिप्पोकॅम्पसही मोठा व्हायला हवा. पण त्या उंदरांत एलएचएक्स२ कुठेच नव्हते, म्हणून हेमचा संदेश ऐकून हिप्पोकॅम्पस बनेल अशी निरोगी सालच शिल्लक नव्हती. संदेश देणारा होता, घेणारा नव्हता.

मग प्रयोग असा हवा की देणारा आणि घेणारा शेजारी शेजारी असतील. मुंबईचा हा गट आणि कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या अर्व्हाइन शाखेतले एडविन मोनुकी यांनी मिळून असे मेंदू तयार केले, ज्यांत थोड्याच पेशींतून एलएचएक्स२ काढलेले होते आणि बाकी पेशी निरोगी होत्या. आतल्या कडेकडच्या त्या पेशींनी सालीची वाट सोडून हेम होणे पत्करले. आणि त्या नव्या हेमच्या शेजारच्या निरोगी पेशींतून हिप्पोकॅम्पस उभा राहिला. एकाच मेंदूत नेहमीच्या जागेखेरीज भलत्याच ठिकाणी हिप्पोकॅम्पसची क्षेत्रे, आणि ती ओळखली ती त्यांच्या जनुकांच्या खुणांवरून. जानेवारी २००८मध्ये हा शोधनिबंध ‘सायन्स’मध्ये आला. हेम ऑर्गनायझर आहे, आणि एलएचएक्स२ हे पेशीला ‘तू साल हो’ असे सांगून बाकीच्या वाटा बंद करणारे जनुक आहे, या दोन्ही गोष्टी सिद्ध झाल्या. हा आदेश देण्याची वेळ ठरलेली असते: मूळपेशींची अगदी सुरुवातीची अवस्था सरली की तो चालत नाही. उंदराचा गर्भकाळ तीन आठवड्यांच्या आतला, त्यातले हे थोडेच दिवस.

मी हे विस्ताराने सांगितले, कारण पुढे जे अजस्र ॲटलास आले त्यांच्या झगमगाटात अशा कामाची किंमत झाकली जाते. नकाशा किती पानांचा आहे याला महत्त्व असतेच. पण हद्दी का जुळतात हे विचारणारा माणूस त्याहून मोलाचा असतो.

आता सिएटलकडे. डिसेंबर २००२मध्ये उंदराच्या सबंध जनुकसंचाचा मसुदा ‘नेचर’मध्ये प्रसिद्ध झाला. जनुकांची यादी हातात आली. त्या यादीतले प्रत्येक नाव मेंदूत कुठे बसते हे शोधायला अनेक गट सरसावले. न्यूयॉर्कच्या रॉकफेलर विद्यापीठात नॅथॅनिएल हाइन्ट्झ आणि मेरी बेथ हॅटन यांनी ‘जेनसॅट’ सुरू केले. जनुक चालू असलेली पेशी हिरवी चमकेल असे उंदीर ते तयार करत, त्यामुळे पेशीचे तंतू कुठवर जातात हेही दिसे. जर्मनीत ग्रेगोर आयशेले यांनी इन सिटूचे काम यंत्रांकडून करून घेण्याची पद्धत बसवली आणि ‘जीनपेंट’ हा संग्रह लोकांसमोर ठेवला. एडिनबरोमध्ये उंदराच्या गर्भाचा संगणकीय ॲटलास आधीपासून चालू होता.

२००३ साली मायक्रोसॉफ्टचे सहसंस्थापक पॉल ॲलन यांनी दहा कोटी डॉलर देऊन सिएटलला ॲलन मेंदूविज्ञान संस्था उभी केली आणि पहिले काम ठरवले: प्रौढ उंदराच्या मेंदूत सगळी जनुके, एकही न सोडता. छप्पन दिवसांचा नर उंदीर, एकाच जातीचा, म्हणजे तुलना खरी ठरेल. पंचवीस मायक्रॉन जाडीचे काप. प्रोब घालणे, धुणे, रंगवणे हे सगळे यंत्रे करणार, छायाचित्रे स्वयंचलित सूक्ष्मदर्शक घेणार, आणि संगणक प्रत्येक काप एकाच संदर्भ मेंदूवर चपखल बसवणार. विद्यापीठातल्या एखाद्या गटाला हे जमले नसते. त्याला कारखान्याची शिस्त लागते आणि एका कामाला वाहून घेतलेली माणसे लागतात.

डिसेंबर २००४मध्ये पहिल्या जनुकांची चित्रे इंटरनेटवर खुली झाली. सप्टेंबर २००६मध्ये काम पुरे झाले आणि जानेवारी २००७मध्ये ‘नेचर’मध्ये त्याचा अहवाल आला. सुमारे वीस हजार जनुके. त्यांतली ऐंशी टक्के मेंदूत कुठे ना कुठे चालू असल्याचे दिसले. यापेक्षाही मला महत्त्वाचा वाटतो तो दुसरा आकडा: सत्तर टक्के जनुके मेंदूतल्या पाचव्या हिश्शाहूनही कमी पेशींत चालू होती. म्हणजे सगळीकडे सारखी राबणारी जनुके थोडी, आणि आपापला भाग धरून असणारी फार. मेंदूतली विविधता किती खोलवर आहे ते या आकड्याने दाखवले.

त्यातून पुढे मजेशीर गोष्टी निघाल्या. हिप्पोकॅम्पसच्या ‘सीए३’ या क्षेत्राला शरीरशास्त्रज्ञ एकसलग समजत होते. २००८ साली कॅरोल थॉम्पसन आणि सहकाऱ्यांनी या ॲटलासवरून दाखवले की जनुकांच्या दृष्टीने त्यात नऊ वेगळे पट्टे आहेत. २००९ साली संगणकाला फक्त जनुकांची माहिती दिली, मेंदूच्या भागांची नावे दिलीच नाहीत, तरी कुठले ठिकाण कुठल्यासारखे आहे ते मोजून त्याने बहुतेक भागांच्या हद्दी शोधून दिल्या. शंभर वर्षांपूर्वी डोळ्यांनी आखलेल्या रेषा पुष्कळशा बरोबर होत्या हे त्यातून कळले. त्या जुन्या माणसांच्या नजरेपुढे मान झुकते.

ॲलन संस्थेने केलेली सर्वांत मोठी गोष्ट माझ्या मते तांत्रिक नाही. चित्रे तयार होतील तशी, शोधनिबंधाची वाट न पाहता, सगळ्या जगाला फुकट उघडून दिली. मानवी जनुकसंच प्रकल्पाने १९९६च्या बर्म्युडा बैठकीत माहिती चोवीस तासांत खुली करण्याचा पायंडा घातला होता. हे त्याचेच पुढचे पाऊल होते. कमी पैशांच्या देशांत याचा अर्थ मोठा होतो. जिथे एका प्रोबसाठी परदेशातून रसायन मागवून महिनोन्‌महिने वाट पाहावी लागे, तिथे विद्यार्थी आता आधी ॲटलास पाहून ठरवू शकतो की हे जनुक हवे त्या भागात आहे की नाही, आणि मगच हात घालतो. वाचलेला वेळ आणि वाचलेले पैसे दोन्ही खरे असतात. वाचलेले उंदीरही.

एक उणीव मात्र होती. तो नकाशा प्रौढ उंदराचा. हेम, एलएचएक्स२ची ती थोड्या दिवसांची सत्ता, यांतले त्यात काही दिसत नाही, कारण छप्पन दिवसांच्या मेंदूत हेम उरतच नाही. म्हणून पुढे संस्थेने वाढत्या मेंदूचा ॲटलास केला: गर्भाच्या साडेअकराव्या दिवसापासून वेगवेगळ्या टप्प्यांवर, सुमारे दोन हजार निवडक जनुकांचा. त्याचा अहवाल २०१४ साली आला. गर्भातल्या मेंदूवर काम करणाऱ्यांच्या हाती आता त्यांचा स्वतःचा नकाशा आला. तरीही कोणते जनुक कुठे चालू आहे एवढेच कोणताही नकाशा सांगतो. ते तिथे काय घडवते हे कळायला ते काढून पाहावे लागते, आणि ते काम कुलाब्यात आधीच झालेले होते.

एलएचएक्स२ची कथा तिथे थांबली नाही. २०११ साली तोळे यांच्या गटाने दाखवले की वाढत्या हिप्पोकॅम्पसमध्ये हेच जनुक पेशींनी चेतापेशी व्हायचे की त्यांना आधार देणाऱ्या ताराकार पेशी, हे ठरवायला मदत करते. २०१७ साली त्यांनी ते सालीतल्या चेतापेशींचे प्रकार कसे ठरवते हे शोधले. गुणसूत्रांची घडण बदलणाऱ्या प्रथिनांच्या एका संचाशी ते हातमिळवणी करते. या कामात पुण्याच्या आयसरचे डॉ. संजीव गलांडे सहभागी होते. २०१०चा जीवशास्त्राचा शांतिस्वरूप भटनागर पुरस्कार या दोघांनाच मिळाला होता. २०१४ साली तोळे यांना इन्फोसिस पुरस्कार मिळाला.

ॲटलासचा काळही पुढे गेला. २०२० साली १६७५ उंदरांच्या मेंदूंची सरासरी काढून त्रिमिती संदर्भ मेंदू प्रसिद्ध झाला. आता जगातला कुठलाही काप त्यावर बसवता येतो. डिसेंबर २०२३मध्ये ‘नेचर’मध्ये आलेल्या शोधनिबंधांच्या मालिकेने एकेका पेशीतली जनुके वाचून उंदराच्या सबंध मेंदूतल्या पेशींचे ५३००हून अधिक प्रकार मांडले. भारतातही चेन्नईच्या आयआयटीत २०२२पासून मानवी मेंदूच्या नकाशांसाठी केंद्र चालू आहे, आणि २०२४ साली तिथल्या गटाने गर्भावस्थेतल्या मानवी मेंदूचा ‘धरणी’ नावाचा त्रिमिती ॲटलास खुला केला.

पॉल ॲलन २०१८ साली गेले. त्यांनी उघडलेला ॲटलास आजही फुकट आहे आणि तो पाहायला पदवी लागत नाही, नाव नोंदवावे लागत नाही. इंदापूर आणि बारामती तालुक्यांतल्या विज्ञानशिक्षकांना माझी विनंती आहे: जीवशास्त्राच्या तासाला एकदा ॲलन संस्थेचा उंदराच्या वाढत्या मेंदूचा ॲटलास मोठ्या पडद्यावर उघडा, शोधपेटीत एलएचएक्स२चे इंग्रजी नाव घाला, आणि गर्भातल्या मेंदूच्या कापात मुलांना स्वतः हद्द शोधू द्या. हे जनुक काय करते याचा शोध मुंबईत, कुलाब्याच्या एका प्रयोगशाळेत लागला, हेही त्यांना सांगा. पळसदेवच्या शाळेतली एखादी मुलगी उद्या तिथे काम करायला जाऊ शकते.